"माणूस गेला, आता पैसे कशाला?" : अपघाती मृत्यूनंतरची नुकसानभरपाई

माळावरची | रविवार, रात्री ९.१५

माझ्या चुलत भावाला जाऊन आज बावीस दिवस झाले. वय ३४. पुणे-नाशिक महामार्गावर, संगमनेरच्या अलीकडे, त्याच्या मोटारसायकलला मागून पिकअप बसली. हेल्मेट डोक्यावर होतं. दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं.

दादाचं आळेफाट्याजवळ मोटार रिवाइंडिंगचं छोटं दुकान. विहिरीवरच्या, बोअरच्या मोटारी जळाल्या की आसपासच्या गावांतले लोक त्याच्याकडे आणायचे. एप्रिल-मे मध्ये रात्री बारा-बारा वाजेपर्यंत कॉइल भरत बसायचा. घरी वहिनी, सहा वर्षांची मुलगी, दोन वर्षांचा मुलगा, काका आणि काकू. काकांच्या नावावर थोडी जिरायत जमीन आहे, पण घर दुकानावरच चालायचं.

तेराव्याच्या दिवशी पिकअपचा मालक आला. बरोबर शेजारच्या गावचे एक वजनदार गृहस्थ. दीड लाख रुपये देतो म्हणाले, आणि पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर टाइप करून आणलेला मजकूर काकांपुढे ठेवला. मी वाचला. "सदर अपघात मयताच्या चुकीमुळे घडला असून आमची कोणाविरुद्ध तक्रार नाही, भविष्यात कोणताही दावा करणार नाही." खाली काकांच्या आणि वहिनीच्या सहीसाठी जागा सोडलेली. मी कसंबसं ते "आठवड्याने बघू" वर आणलं.

काका सही करायच्या बेतात आहेत. म्हणतात, माणूस गेला, आता पैसे कशाला? लोक म्हणतील लेकाच्या जिवाचे पैसे खाल्ले. वहिनी काहीच बोलत नाही. परवा मी निघताना फक्त एवढंच म्हणाली, "पोरीची फी जूनमध्ये भरायची असते ना?"

मला यातलं काही कळत नाही. दादाला पगाराची स्लिप नाही, त्याने कधी रिटर्न भरलेलं नाही. दावा करता येतो का? कुठे करायचा? कृपया ज्यांना माहिती आहे त्यांनी सांगा.

गोदाकाठ | रविवार, रात्री ९.३१

सही करू देऊ नका. बाकी सगळं नंतर.

आमच्या मेहुण्यांच्या वेळी असाच कागद झाला होता. पुढे कोर्टात समोरच्या वकिलांनी तोच कागद काढला, मयताची चूक होती असं त्याच्या वडिलांनीच लिहून दिलंय म्हणून. दावा फेटाळला नाही, पण निम्मी चूक मेहुण्यांच्या माथी मारली आणि रक्कम निम्म्यावर आली. त्यांची चूक नव्हती हो. तो कागद नसता तर कोणी तसं म्हटलंही नसतं.

कोर्टाची_पायरी | रविवार, रात्री १०.४०

माळावरची, तुमच्या घरच्यांवर काय वेळ आली असेल ते समजू शकते. मी मोटार अपघाताचे दावे चालवते, एकोणीस वर्षं झाली. निवांत लिहिते, कारण घाईत सांगितलेलं अर्धवट ऐकूनच लोक फसतात.

दोन गोष्टी आधी वेगळ्या करा. पोलिसांत जी केस झाली ती सरकार विरुद्ध ड्रायव्हर. भारतीय न्याय संहितेची कलमं १०६ आणि २८१. त्यातून तुमच्या वहिनीला पैसे मिळत नाहीत. नुकसानभरपाईचा दावा वेगळा, तो मोटार वाहन कायद्याखाली मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात टाकायचा: ड्रायव्हर, मालक आणि विमा कंपनी अशा तिघांवर. गाडीचा विमा चालू असेल तर पैसे कंपनी भरते, मालकाच्या खिशातून सहसा रुपया जात नाही.

मग तो दीड लाख का देतोय? हा प्रश्न काकांना नीट विचारायला लावा. माझ्या अनुभवात तेराव्याला पैसे घेऊन येणाऱ्या मालकाची काहीतरी अडचण असते. विमा संपलेला असतो, ड्रायव्हरकडे लायसन्स नसतं, नाहीतर गाडी चालवणारा भलताच असतो. तेव्हा उद्याच गाडीचा नंबर घालून विमा कधीपर्यंत आहे ते बघा. एमपरिवहन अॅपवर दिसतं.

दावा तुम्ही राहता त्या जिल्ह्यातही टाकता येतो. अपघात अहिल्यानगर जिल्ह्यात झाला म्हणून दर तारखेला तिकडे जायची गरज नाही.

मुदत सहा महिने, अपघाताच्या तारखेपासून. पूर्वी मुदत नव्हती, १ एप्रिल २०२२ पासून ही आली. त्यावर सर्वोच्च न्यायालयात आव्हान आहे आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये तात्पुरता आदेश झाला की केवळ मुदत उलटली म्हणून दावे फेटाळू नका. तरी त्या भरवशावर बसू नका. सहा महिन्यांच्या आत टाका म्हणजे टाका.

पोलिसांकडून घ्यायचे कागद: एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, मृतदेहाचा पंचनामा, पीएम म्हणजे शवविच्छेदनाचा रिपोर्ट, दोन्ही गाड्यांची आरसी, पिकअपची पॉलिसी, ड्रायव्हरचं लायसन्स, आरटीओने गाडी तपासल्याचा अहवाल. २०२२ च्या नियमांप्रमाणे पोलिसांनी ४८ तासांत पहिला अहवाल न्यायाधिकरणाला आणि विमा कंपनीला द्यायचा असतो, ५० दिवसांत अंतरिम, ९० दिवसांत सविस्तर. कुटुंबाचे हक्क काय आहेत त्याचा छापील नमुनाही दहा दिवसांत घरी द्यायचा असतो. मिळाला नसेल तर मागून घ्या. मागणं हा उद्धटपणा नाही.

आणि काकांना माझा निरोप सांगा. हे जिवाचे पैसे नाहीत. जीव मोजायला कायदा बसलेला नाही. तुमचा मुलगा रोज संध्याकाळी जे घरात आणत होता, ते ज्याच्यामुळे थांबलं त्याने पुढे आणून द्यायचं, एवढंच ते आहे.

घाटमाथा | सोमवार, सकाळी ७.०५

तुमच्याकडे गाडीचा नंबर तरी आहे. आमचे वडील पहाटे डेअरीला दूध घालायला चालत निघाले होते. किटली रस्त्याच्या कडेला उभी होती, झाकणही लागलेलं. वडील पंधरा-वीस फूट लांब. गाडी कुठली ते आजवर कळलं नाही.

एकाने मला बाजूला घेऊन सांगितलं, ओळखीची गाडी दाखवू, विमा आहे तिचा, वीस टक्के माझे. आईने ऐकलं आणि त्याला घराबाहेर काढलं.

अशा वेळी 'हिट अँड रन'ची योजना असते हे आम्हाला तलाठ्याने सांगितलं. मृत्यूला २ लाख, गंभीर जखमीला ५० हजार. एप्रिल २०२२ च्या आधी मृत्यूला फक्त २५ हजार होते. अर्ज प्रांत किंवा तहसील कार्यालयात, मंजुरी जिल्हाधिकाऱ्यांची, पैसे थेट खात्यात. आमचे अकरा महिन्यांनी आले. पुढे गाडी सापडून दाव्यात भरपाई मिळाली तर हे परत करावे लागतात.

आई त्या पैशांना अजून हात लावत नाही. पासबुकात तशीच ओळ आहे.

कोर्टाची_पायरी | सोमवार, सकाळी ८.५०

घाटमाथा, तुमच्या आईंना नमस्कार सांगा. खोटी गाडी उभी करणं हा सरळ गुन्हा आहे. सापडलं की दावा जातोच, वर साक्षीला उभ्या राहिलेल्या बाईवर केस होते आणि दलाल बाजूला. अशामुळे खऱ्या दाव्यांकडेही न्यायाधीश संशयाने बघायला लागतात.

माळावरची | सोमवार, दुपारी १.२०

सगळ्यांचे आभार. अॅपवर बघितलं. विमा चालू आहे, अजून पाच महिने. ड्रायव्हरचं लायसन्स आहे, पण साध्या कारचं म्हणजे एलएमव्हीचं, आणि पिकअप पिवळ्या नंबरप्लेटची, मालवाहतुकीची. गावात सगळे म्हणतायत की मग कंपनी हात वर करणार. मालकही तेच सांगून काकांना घाबरवतोय. खरं आहे का?

निवृत्त_विमेकरी | सोमवार, दुपारी ३.४५

मी एका विमा कंपनीच्या दावे विभागात २८ वर्षं काढली. टेबलाच्या पलीकडून काय दिसतं ते सांगतो.

लायसन्सची भीती काढून टाका. साडेसात हजार किलोपर्यंतच्या मालवाहू गाडीला एलएमव्ही लायसन्स चालतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितलं आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने कायम केलं. पिकअप त्या वजनात आरामात बसते. आणि समजा लायसन्स अजिबात नसतं, तरी बहुतेक वेळा न्यायाधिकरण कंपनीला आधी कुटुंबाचे पैसे भरायला लावतं आणि मग मालकाकडून वसूल करायला सांगतं. मालक घाबरलाय तो या वसुलीला. तुमच्या वहिनीला त्याच्याशी काही घेणंदेणं नाही.

आम्ही फाइल उघडली की पहिला शोध मयताची चूक कुठे सापडते याचा. मयताकडे लायसन्स होतं का, हेल्मेट होतं का, पीएममध्ये दारूचा उल्लेख आहे का, गाडी चुकीच्या बाजूने होती का. म्हणून घटनास्थळाचा पंचनामा शब्द न शब्द वाचा. मोटारसायकलचं मागचं मडगार्ड, मागचा दिवा, नंबरप्लेट यांचं नुकसान नोंदलंय का बघा. "मागील बाजूस धडक" हे तीन शब्द असले की निम्मी लढाई संपते. नसले तर मोटारसायकल सोडवून आणून दुरुस्त करायची घाई करू नका, आधी सगळ्या बाजूंनी फोटो काढा. हेल्मेट जपून ठेवा. धुऊ नका, टाकू नका.

आणखी एक सापळा. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ खाली कोणाची चूक हे न बघता मृत्यूला ५ लाख मिळतात. ज्यांच्याकडे समोरच्याच्या चुकीचा पुरावाच नाही त्यांना ते आधार आहे. पण ते स्वीकारले की मोठा दावा तिथेच संपतो. कोणी घरी येऊन "पाच लाख लगेच घ्या, कोर्टात दहा वर्षं जातील" म्हणालं तर आधी वकिलाला विचारा. दादांचं वय ३४ आणि मागून धडक, तुमचा दावा पाच लाखांचा नाही.

प्रश्नचिन्ह | सोमवार, संध्याकाळी ६.१०

मला खरंच एक प्रश्न पडतो, कोणाला दुखवायचं नाही. तो ड्रायव्हरही कोणाच्या तरी घरचा. पंधरा हजारांवर राबणारा असेल. त्याने चाळीस-पन्नास लाख कुठून आणायचे? भरपाई मिळाली तरी एक घर सावरताना दुसरं बसत नाही का?

निवृत्त_विमेकरी | सोमवार, संध्याकाळी ७.००

बसू नये म्हणूनच थर्ड पार्टी विमा सक्तीचा आहे. आपण सगळे दरवर्षी गाडीचा जो हप्ता भरतो, त्यातला थर्ड पार्टीचा भाग आपल्या गाडीखाली कोणी गेलं तर त्याच्या घरच्यांसाठी असतो. मृत्यूच्या भरपाईला त्यात रकमेची मर्यादा नाही. २०२२ साली देशात १,६८,४९१ माणसं रस्त्यावर गेली, एकट्या महाराष्ट्रात १५,२२४. हा भार एकेका ड्रायव्हरच्या डोक्यावर टाकून चालणारच नाही. सगळ्यांनी मिळून भरलेल्या पैशांतून तो उचलायचा, अशी ही व्यवस्था आहे. तेव्हा वहिनींनी दावा टाकला म्हणजे त्या ड्रायव्हरच्या लेकरांच्या ताटातलं काढलं असं मुळीच नाही.

पायथ्याचं_गाव | सोमवार, रात्री ८.२५

पण विमाच नसेल तर प्रश्नचिन्ह म्हणतात तेच होतं. आमच्या भावाला उडवणाऱ्या टेम्पोचा विमा संपून दीड महिना झाला होता. निकाल आमच्या बाजूने लागला, २१ लाख आणि व्याज. वसुलीचा दाखला कलेक्टर ऑफिसला गेला, जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली करायची म्हणून. मालकाच्या नावावर काहीच नाही. सहावं वर्ष चालू आहे, हातात आले ९० हजार.

टेम्पो मात्र अपघातानंतर आठवड्यात सोडवून नेला आणि विकला. बिनविम्याची गाडी तारण घेतल्याशिवाय सोडू नये, नाहीतर लिलाव करून पैसे न्यायाधिकरणात जमा करावेत, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितलेलं होतं. आम्हाला ते कोणी सांगितलं नाही. ज्यांच्या बाबतीत गाडीला विमा नाही असं दिसतंय, त्यांनी पहिल्याच दिवसांत वकिलाकरवी गाडी सोडायला हरकत घ्या.

शिवारातला | सोमवार, रात्री ९.०२

माळावरची ताई, बावीस दिवस म्हणालात, म्हणून घाईघाईने लिहितोय. दोन गोष्टींना तीस दिवसांची मुदत असते.

एक, दादांच्या बँक पासबुकात मे-जूनच्या सुमारास २० रुपये कापल्याची नोंद आहे का बघा. ती प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना. अपघाती मृत्यूला २ लाख. लोकांना आपण त्यात आहोत हेच माहीत नसतं, खातं उघडताना कुठेतरी सही घेतलेली असते. फॉर्म बँकेतच मिळतो.

दोन, काकांच्या नावावर सातबारा आहे म्हणालात. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना. खातेदार शेतकरी आणि त्याच्या घरातला आणखी एक जण त्यात येतो, मुलगाही चालतो. मृत्यूला २ लाख. अर्ज तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे. सातबारा, एफआयआर, पंचनामा, पीएम, दादांचं लायसन्स जोडा. एखादा कागद कमी असला तरी अर्ज देऊन पोच घ्या.

माळावरची | सोमवार, रात्री ९.२०

वहिनीला आत्ता फोन करून पासबुक वाचायला लावलं. २० रुपयांची नोंद आहे. मागच्या चारही वर्षांची आहे.

कोर्टाची_पायरी | सोमवार, रात्री १०.१५

शिवारातला, तुम्ही फार मोठं काम केलंत.

आता हिशेबाचं. सगळे "कोर्ट काय मनाला येईल ते देतं" म्हणतात. तसं नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या २००९ आणि २०१७ च्या दोन निकालांनी रीत ठरलेली आहे. दादांचं उत्पन्न महिना १८ हजार सिद्ध झालं असं धरू. वय चाळीसच्या आत आणि स्वतःचा धंदा, म्हणून पुढच्या वाढीचे ४० टक्के मिळवायचे: २५,२००. पत्नी, दोन मुलं आणि आई असे चार अवलंबून, म्हणून स्वतःवरच्या खर्चाचा एक चतुर्थांश वजा: १८,९००. वर्षाचे २,२६,८००. वय ३१ ते ३५ ला गुणक १६. झाले ३६,२८,८००. त्यात पत्नीला, दोन्ही मुलांना आणि आईवडिलांना सहवास गमावल्याचे प्रत्येकी ४८,४००, अंत्यसंस्काराचे १८,१५० आणि मालमत्तेच्या हानीचे १८,१५०. एकूण ३९,०७,१००. वर दावा टाकल्यापासूनचं व्याज.

आता उत्पन्न १८ ऐवजी १० हजार धरलं तर काय होतं ते तुम्हीच करून बघा. सोळा लाखांहून जास्त फरक पडतो. पुरावा नसेल तर न्यायाधिकरण किमान वेतनाच्या आसपास येऊन थांबतं. म्हणून दुकानातला एकही चिठोरा टाकू नका. माल आणल्याची बिलं, यूपीआयचं स्टेटमेंट, दुकानाचं भाडं, वीजबिल, कर्जाचा हप्ता, गिऱ्हाइकांची वही. वही असेलच.

एलआयसी असेल तर ती रक्कम यातून वजा होत नाही. एस.टी. महामंडळाविरुद्धच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच ते सांगितलंय.

फीबद्दल स्पष्ट बोलते. "मिळतील त्यातले इतके टक्के" असा करार करायला वकिलाला बार कौन्सिलच्या नियमांनी बंदी आहे. दवाखान्याच्या दारात कार्ड वाटणारे तसंच बोलतात. स्त्रियांना आणि मुलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं, तिथे जा. कोऱ्या कागदावर, कोऱ्या चेकवर वहिनींची सही कोणालाही देऊ नका. मलाही नाही.

रानजाई | मंगळवार, पहाटे ५.१०

रात्रभर हा धागा वाचतेय. माझे मिस्टर २०२० मध्ये असेच गेले. वहिनींसाठी लिहिते, त्यांना वाचून दाखवा.

पहिल्या भेटीत वकिलांनी विचारलं, महिन्याला किती आणायचे? मला सांगता आलं नाही. ते पगार आणून देवापुढे ठेवायचे, मी उचलून डाळीच्या डब्यात ठेवायची. कधी मोजला नाही. घरी येऊन तो रिकामा डबा बघून मी तेव्हा पहिल्यांदा मोठ्याने रडले.

मलाही सगळे म्हणाले, नवऱ्याच्या जिवाचे पैसे. म्हणणाऱ्यांपैकी एकानेही माझ्या मुलाची वही घेतली नाही. आणि निकाल लागल्यावर त्याच माणसांना ट्रॅक्टर घ्यायचा होता, पत्रे टाकायचे होते, माझ्याकडे मागायला आले. न्यायाधीशांनी मुलांचा हिस्सा अठरा वर्षांपर्यंत आणि माझा मोठा हिस्सा काही वर्षांसाठी राष्ट्रीयीकृत बँकेत ठेव म्हणून टाकला होता, व्याज दर महिन्याला खात्यात. तेव्हा मला राग आला होता, माझ्याच पैशांना कुलूप का म्हणून. पण त्या कुलपामुळेच ते राहिले. "कोर्टाने अडकवलेत" एवढं म्हटलं की समोरचा गप्प बसायचा. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्येच अशी काळजी घ्यायला सांगितलेलं आहे, हे मला वकिलांनी नंतर सांगितलं.

मी २०२४ मध्ये दुसरं लग्न केलं. अपील चालू होतं. दीर म्हणाले, आता तुझा हक्क संपला. संपत नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये सांगितलंय की पुनर्विवाह केला म्हणून विधवेची भरपाई नाकारता येत नाही. वहिनी आज असं काही ऐकण्याच्या मनःस्थितीत नसतील. पुढे कधी कोणी हे तोंडावर फेकलं तर माहीत असावं म्हणून लिहिलं.

आणि वहिनी, फीचा विचार मनात आला म्हणून अपराधी वाटून घेऊ नका. मलाही तिसऱ्या दिवशी गॅस सिलिंडर संपल्याचं आठवलं होतं.

दूरदेशी | मंगळवार, सकाळी ११.३०

रानजाई, वाचून गलबलून आलं.

आमच्या घरी आई गेली. भाऊ म्हणाला, आई कुठे कमवत होती, दावा कशाचा? पण गृहिणीच्या कामाचंही मोल धरतात, पुढच्या वाढीसकट. सर्वोच्च न्यायालयाचा जानेवारी २०२१ चा निकाल आहे. आमच्या वकिलांनी बाबांना उलटतपासणीला तयार करताना विचारलं, आई गेल्यापासून घरात कोणकोणत्या कामाला माणूस ठेवला? बाबा सांगत गेले. स्वयंपाक, धुणंभांडी, आजीची शुश्रूषा, गोठा. बोटं संपली तरी यादी संपेना. बाबा म्हणाले, पन्नास वर्षांत मी हे कधी मोजलंच नव्हतं.

माळावरची | अकरा आठवड्यांनंतर

उशीर झाला, पण सगळ्यांना सांगायचं होतं.

सही झाली नाही. रानजाईंचं लिहिलेलं मी वहिनीला वाचून दाखवलं, काका ओसरीवर बसून ऐकत होते. मालक परत आला तेव्हा काका एवढंच म्हणाले, "आमचं जे काय व्हायचं ते कोर्टात होऊ द्या." तो कागद घेऊन गेला, पुन्हा आला नाही.

बँकेचा फॉर्म सत्ताविसाव्या दिवशी भरला, कृषी कार्यालयातला अठ्ठाविसाव्या. बँकेचे दोन लाख वहिनीच्या खात्यात जमा झाले. दुसऱ्याची पोच हातात आहे.

पंचनाम्यात "मोटारसायकलचे पाठीमागील मडगार्ड दबलेले, पाठीमागील दिवा फुटलेला" असं आहे. ठाण्यातल्या हवालदारांनी सगळ्या नकला एका फाइलीत लावून दिल्या. हेल्मेट कपड्यात बांधून माळ्यावर ठेवलंय. विधी सेवेतून वकीलबाई मिळाल्या आणि मागच्या सोमवारी दावा दाखल झाला. वहिनी, दोन्ही मुलं, काका-काकू असे पाच अर्जदार.

आणि वही सापडली. दुकानातल्या टेबलाच्या खणात, तारेच्या रिकाम्या रिळांखाली. जाड, लाल पुठ्ठ्याची, पानांना वॉर्निशचा वास. प्रत्येक नोंद दादाच्या तिरक्या अक्षरात. "५ एच.पी., कॉइल जळाली, २,२००, बाकी ७००." मी आणि वहिनीने दोन रात्री बसून अठरा महिन्यांची बेरीज केली. तार, वॉर्निश, बेअरिंग, भाडं सगळं वजा जाता महिन्याला एकोणीस हजारांच्या वर पडत होते. वहिनी म्हणाली, मला तेरा-चौदा वाटायचे, उरलेले काकांच्या औषधांना जात असणार.

वकीलबाई म्हणाल्या, वही एकट्या मयताच्या हातची आहे, समोरचे शंका घेतील. नोंदीतल्या दोघा-तिघांनी येऊन सांगितलं तर बळ येईल. मी यादी करून फोन लावले. पहिलाच फोन त्या ५ एच.पी. वाल्यांना. त्यांना अपघाताचं माहीत होतं. संध्याकाळी ते स्वतः मोटारसायकलवर घरी आले, काकूंच्या हातात सातशे रुपये ठेवले आणि म्हणाले, "दावा कुठल्या कोर्टात आहे सांगा, मी येतो. माझी मोटार त्यानेच तीनदा भरली." त्यांच्यासह चौघांनी प्रतिज्ञापत्र द्यायचं कबूल केलंय.

सातशे रुपये घेतल्यावर वहिनीने वही उघडून त्या ओळीपुढे "जमा" असं लिहिलं आणि तारीख टाकली. वकीलबाईंना मी ते सांगितलं, तर त्या म्हणाल्या, यापुढे मूळ वहीत काही लिहू नका, जमा आली तर वेगळ्या कागदावर लिहा. सगळ्या पानांच्या झेरॉक्स काढल्या आहेत. पहिली तारीख पुढच्या महिन्यात आहे. काका येणार आहेत म्हणाले.

कोर्टाची_पायरी | त्याच रात्री

त्या "जमा"च्या नोंदीची काळजी करू नका. उलटतपासणीत विचारलं तर वहिनींनी जे झालं तेच सांगावं, कोणी आणून दिले, कधी दिले, आपण का लिहिलं. आणि ते गृहस्थ साक्षीला येतील त्या दिवशी त्यांच्याकडे तीन वेळच्या दुरुस्तीची एखादी पावती असेल तर घेऊन यायला सांगा.